घर कोणाच्या नावावर? : शॉर्ट क्रीकमधून बाहेर पडलेल्यांचा इतिहास

२६ जुलै १९५३, रविवारची पहाट. त्या रात्री खग्रास चंद्रग्रहण होते. अमेरिकेतील अ‍ॅरिझोना आणि युटा या दोन राज्यांच्या सीमेवर, तांबड्या खडकांच्या उंच कड्यांखाली वसलेल्या शॉर्ट क्रीक नावाच्या खेड्यावर शंभराहून अधिक पोलीस आणि सरकारी अधिकारी चालून गेले. सोबत वार्ताहर आणि छायाचित्रकार होते. त्यांना सरकारनेच आमंत्रण दिले होते. ग्रहणाच्या अंधारात गाव बेसावध सापडेल असा अंदाज होता. पण गावाला आधीच कुणकुण लागली होती. लोक जागे होते आणि एका जागी जमून गाणी म्हणत होते.

या गावातले लोक बहुपत्नीकत्व हा ईश्वराचा आदेश मानणारे मूलतत्त्ववादी मॉर्मन होते. अ‍ॅरिझोनाचे राज्यपाल हॉवर्ड पाइल यांच्या मते ते कायदा धाब्यावर बसवणारे बंडखोर होते. पुरुषांना अटक झाली आणि २६३ मुले सरकारी ताब्यात घेण्यात आली. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांत छापून आले ते आयांपासून तोडल्या जाणाऱ्या लेकरांचे फोटो. जनमत फिरले. काही मुले घरी परतायला दोन वर्षे लागली. पाइल पुढच्याच वर्षीची निवडणूक हरले. दोन्ही राज्यांच्या पुढाऱ्यांनी यावरून एकच धडा घेतला, की शॉर्ट क्रीकच्या वाटेला जायचे नाही. पुढची जवळजवळ पन्नास वर्षे तो पाळला गेला.

त्या पन्नास वर्षांत त्या गावात जन्मलेल्या एखाद्या मुलीला वाटले असेल, की आपल्याला इथून बाहेर पडायचे आहे. तिने काय करायचे? कुठे जायचे, कशाच्या बळावर? बहुपत्नीकत्वाच्या इतिहासात धर्माज्ञा, कायदे, खटले यांची चर्चा पुष्कळ झाली आहे. हा लेख त्या मुलीच्या प्रश्नाच्या बाजूने तो इतिहास वाचण्याचा एक प्रयत्न आहे.

आज्ञा आणि माघार

जोसेफ स्मिथ यांनी १८३० मध्ये न्यूयॉर्क राज्यात मॉर्मन पंथाची स्थापना केली. अनेक पत्नी करण्याविषयीचा साक्षात्कार त्यांनी १८४३ मध्ये इलिनॉयमधील नॉवू या गावी लिहवून घेतला. पुढच्या वर्षी जमावाने त्यांना तुरुंगात ठार मारले. ब्रिगहॅम यंग यांच्या नेतृत्वाखाली अनुयायी पश्चिमेकडे निघाले आणि १८४७ मध्ये सॉल्ट लेकच्या खोऱ्यात पोहोचले. १८५२ मध्ये बहुपत्नीकत्व हे आपले तत्त्व असल्याचे पंथाने जाहीरपणे सांगितले.

त्यानंतरची चाळीस वर्षे संघीय सरकार आणि हा पंथ यांच्यात झुंज चालली. १८६२, १८८२ आणि १८८७ असे एकापेक्षा एक कडक कायदे झाले. १८८७च्या कायद्याने चर्चच्या मालमत्तेवर टाच आणली. त्याच कायद्याने युटातील स्त्रियांना १८७० पासून असलेला मताधिकारही काढून घेतला; म्हणजे स्त्रियांच्या उद्धारासाठी म्हणून केलेल्या कायद्याने स्त्रियांचेच मत गेले. आपल्या पंडिता रमाबाई त्या वेळी अमेरिकेत होत्या. अखेर १८९० मध्ये चर्चचे अध्यक्ष विल्फर्ड वुड्रफ यांनी बहुपत्नीकत्वातून माघार घेतल्याचे जाहीर केले आणि १८९६ मध्ये युटाला राज्याचा दर्जा मिळाला. १९०४ नंतर तर असा विवाह करणाऱ्याला चर्च बहिष्कृत करू लागले. आजच्या मुख्य मॉर्मन चर्चचा बहुपत्नीकत्वाशी संबंध नाही, हे इथे स्पष्ट सांगायला हवे.

मात्र ही माघार काही जणांना मान्य नव्हती. ईश्वराची आज्ञा सरकारच्या धाकाने बदलत नाही, असे ते म्हणत. चर्चने बाहेर काढलेली अशी कुटुंबे विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात शॉर्ट क्रीकला येऊन राहू लागली. ग्रँड कॅन्यनच्या प्रचंड दरीमुळे हा भाग अ‍ॅरिझोनाच्या राजधानीपासून तुटलेला होता आणि सीमा ओलांडली की दुसऱ्या राज्यात जाता येत असे. पुढे याच गावाचे अ‍ॅरिझोनाकडील कोलोरॅडो सिटी आणि युटाकडील हिल्डेल असे दोन भाग झाले.

कायदेशीर नसलेल्या लग्नातून सुटका

बाहेर पडण्याची सर्वांत गाजलेली जुनी कहाणी खुद्द ब्रिगहॅम यंग यांच्या घरातली आहे. अ‍ॅन एलायझा हिचा जन्म १८४४चा, नॉवूचा. पहिल्या लग्नातून घटस्फोट घेतलेली, दोन मुलांची ही आई १८६८ मध्ये यंग यांची पत्नी झाली. ती विशीतली आणि ते साठी ओलांडलेले. १८७३च्या जुलैमध्ये तिने घरातले सामान विकले आणि सॉल्ट लेकमधील एका हॉटेलात आश्रय घेतला. मग घटस्फोटाचा दावा लावला. त्याच वर्षी हिवाळ्याच्या तोंडावर तिने गुपचूप शहर सोडले आणि देशभर व्याख्याने देत फिरू लागली. १८७४ मध्ये ती वॉशिंग्टनला बोलली. त्या वर्षी युटातील खटले संघीय न्यायालयांकडे सोपवणारा कायदा झाला, त्याला पोषक वातावरण तयार करण्यात तिच्या व्याख्यानांचा वाटा होता. पुढे तिचे ‘वाइफ नंबर १९’ हे पुस्तक खूप खपले.

तिच्या दाव्याचे काय झाले, हे मात्र फारसे सांगितले जात नाही. यंग यांनी न्यायालयात बचाव केला तो असा : माझी कायदेशीर पत्नी दुसरीच आहे, त्यामुळे अ‍ॅन एलायझाशी माझे लग्न कायद्याने झालेलेच नाही. ज्या लग्नाला ते व्यासपीठावरून ईश्वरी म्हणत, ते पोटगीचा प्रश्न येताच नव्हतेच असे ठरले. मधल्या काळात एका न्यायाधीशाने पोटगीचा हुकूम दिला, तो न पाळल्याबद्दल यंग यांना एक दिवस कैदही झाली. पण १८७७ मध्ये दावा निकाली निघाला तो विवाहच अवैध आहे या कारणाने. अ‍ॅन एलायझा सुटली, पण रिकाम्या हाताने. नंतरच्या आयुष्यात ती लोकांच्या नजरेआड गेली.

ही अडचण एकट्या अ‍ॅन एलायझाची नव्हती. बहुपत्नीकत्व अवैध ठरवताना कायदा दुसऱ्या, तिसऱ्या, एकोणिसाव्या पत्नीचे हक्कही पुसून टाकतो. पंथात ती पत्नी असते, पण बाहेर आली की कायद्याच्या लेखी कोणीच नसते.

घर, शाळा, पोलीस

विसाव्या शतकातील शॉर्ट क्रीकमध्ये या अडचणीत आणखी एक भर पडली. १९४२ मध्ये तिथे ‘युनायटेड एफर्ट प्लॅन’ नावाचा विश्वस्त निधी स्थापन झाला. सर्वांची जमीन एकत्र करावी आणि गरजेप्रमाणे वाटून घ्यावी, ही आरंभीच्या मॉर्मनांची जुनी कल्पना. ऐकायला ती सुंदर आहे आणि कष्टाळू, गरीब कुटुंबांना तिचा आधारही झाला. लोकांनी आपल्या जमिनी निधीला दिल्या; निधीच्या जमिनीवर स्वतःच्या हातांनी, स्वतःच्या पैशाने घरे बांधली. पण घर निधीच्या नावावर आणि निधी धर्मनेत्याच्या हातात. नेत्याची मर्जी असेपर्यंतच घरात राहायचे.

काही कुटुंबांनी याविरुद्ध न्यायालयात धाव घेतली. ज्यांनी घरे बांधली त्यांना काहीच न देता बाहेर काढणे अन्यायाचे आहे, हे म्हणणे युटाच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये उचलून धरले. त्याच वर्षी निधीचा दस्तऐवज नव्याने लिहिला गेला. नव्या कलमांनुसार, नेत्याच्या दृष्टीने जे श्रद्धावान असतील तेच लाभार्थी.

विश्वास उडाला की घर गेले. घराबरोबर माणसेही जात, कारण सोडून गेलेल्याला ‘धर्मभ्रष्ट’ म्हणत आणि त्याच्याशी आईनेही बोलायचे नाही असा दंडक होता. गावचे पोलीस पंथातलेच होते. रूलन जेफ्स यांच्या कारकिर्दीच्या अखेरीस, २००० साली, त्यांचा मुलगा वॉरन जेफ्स याने अनुयायांना मुले सरकारी शाळेतून काढायला लावली. मुलींना एकच शिकवण होती : मनात काहीही असो, ‘गोड राहा’. लग्न कोणाशी हे नेता ठरवी.

२००२ मध्ये रूलन जेफ्स वारले आणि वॉरन नेता झाला. २००४च्या जानेवारीत त्याने महापौरासह सुमारे वीस पुरुषांना एका सभेत बहिष्कृत केले आणि त्यांच्या बायकामुलांना दुसऱ्या पुरुषांकडे सोपवले. इथे एक गोष्ट ध्यानात येते. स्त्रियांना बांधून ठेवणारी ही व्यवस्था पुरुषांनाही सुरक्षित ठेवत नव्हती. एका शब्दासरशी त्यांचेही घर, बायका, मुले जात होती.

मुलग्यांची स्थिती तर आणखी वाईट. हिशेब साधा आहे. गावात साठ मुलगे आणि साठ मुली असतील आणि प्रत्येक नवऱ्याला तीन बायका मिळायच्या असतील, तर वीस पुरुषांतच सगळ्या मुली संपतात. उरलेल्या चाळीस जणांचे करायचे काय? सिनेमा पाहिला, मुलीशी बोलला, केस वाढवले अशा कारणांवरून किशोरवयीन मुलांना गावाबाहेर काढले जाई. काही मुलांना तर आईबापांनीच गाडीत घालून दूर सोडून दिले. शिक्षण अर्धवट, जगाची ओळख नाही आणि मनात पक्के बसलेले की आपण नरकात जाणार. अमेरिकी वृत्तपत्रांनी त्यांना ‘हरवलेली मुले’ असे नाव दिले. ती हरवली नव्हती, टाकून दिलेली होती. त्यांपैकी काहींनी २००४ मध्ये पंथाविरुद्ध दावा लावला आणि निधीच्या पायाला पहिला सुरुंग लागला.

बाहेर पडलेल्या दोघी

कॅरोलिन जेसप हिचे लग्न १८व्या वर्षी ५० वर्षांच्या एका वजनदार पुरुषाशी लावण्यात आले. ती त्याची चौथी पत्नी. तिला महाविद्यालयात शिकता आले होते आणि तिने शिक्षिकेचे काम केले होते. ही गोष्ट पुढे फार उपयोगी पडली. २००३च्या एप्रिलमध्ये एका रात्री ती आठ मुलांना घेऊन निघाली. त्यांतला एक मुलगा गंभीर आजारी होता आणि सर्वांची नजर चुकवून सगळ्यांना एकाच वेळी बाहेर काढणे हीच खरी कसोटी होती. नंतर तिने न्यायालयात आठही मुलांचा ताबा मिळवला. त्या पंथातून बाहेर पडलेल्या स्त्रीला असा पूर्ण ताबा मिळाल्याचे ते पहिलेच उदाहरण मानले जाते. पण थोरली मुलगी १८ वर्षांची झाल्यावर स्वखुशीने परत पंथात गेली. आईने मुलांना बाहेर आणले तरी मुलीच्या दृष्टीने ती आपल्या माणसांपासून झालेली ताटातूट होती. कॅरोलिनने आपल्या आत्मकथनात आपली बाजू मांडली आहे. ती वाचताना हा दुसरा धागाही सोडू नये.

एलिसा वॉल हिला २००१ मध्ये, वयाच्या १४व्या वर्षी, १९ वर्षांच्या आतेमामे-चुलत नात्यातल्या मुलाशी लग्न करायला लावले. तिने नको म्हणून विनवण्या केल्या होत्या. पुढे ती बाहेर पडली आणि तिच्या साक्षीवर २००७ मध्ये वॉरन जेफ्सला शिक्षा झाली. तोवर तो एफबीआयच्या ‘दहा मोस्ट वाँटेड’ यादीत जाऊन २००६ मध्ये लास व्हेगासजवळ पकडला गेला होता. २०१० मध्ये ज्यूरीला दिलेल्या सूचनांतील चुकीमुळे ती शिक्षा रद्द झाली. मात्र टेक्सासमध्ये अल्पवयीन मुलींवरील अत्याचाराबद्दल २०११ मध्ये त्याला जन्मठेप आणि वर वीस वर्षे अशी शिक्षा झाली. ती तो भोगतो आहे.

टेक्सासच्या खटल्यामागेही एक छापा होता. २००८च्या एप्रिलमध्ये पंथाच्या तिथल्या वसाहतीतून चारशेहून अधिक मुले सरकारने ताब्यात घेतली. ज्या दूरध्वनीवरून हे सुरू झाले तो बनावट निघाला आणि दोन महिन्यांच्या आत राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने मुले परत करायला लावली. १९५३ची पुनरावृत्तीच म्हणायची. फरक एवढाच की या वेळी सापडलेल्या कागदपत्रांतून प्रत्येक गुन्हा वेगळा सिद्ध करता आला. सरसकट मुले उचलण्याने जे साधले नाही, ते नेमक्या पुराव्याने साधले.

परत येऊन घर मागणे

बाहेर पडणे एका रात्रीत होते, उभे राहायला वर्षे लागतात. बँकेत खाते कसे उघडायचे, भाड्याने खोली कशी घ्यायची, डॉक्टरला काय सांगायचे, दुकानात कपडे कसे निवडायचे, हे वयाच्या तिशीत शिकावे लागते. स्वतः निर्णय घेण्याची सवयच नसते. म्हणून अशा लोकांसाठी काम करणाऱ्या युटातील संस्थांचा भर निवारा, शाळा, नोकरी आणि समुपदेशन यांवर आहे. त्यांतील काही संस्था पूर्वी पंथात असलेल्यांनीच चालवल्या आहेत.

सर्वांत मोठा बदल मात्र घराच्या कागदांनी घडवला. २००५ मध्ये जेफ्सने निधीवरील दाव्यांना उत्तरच दिले नाही, तेव्हा युटाच्या न्यायालयाने जुन्या विश्वस्तांना दूर करून प्रशासक नेमला. निधीची मालमत्ता दहा कोटी डॉलरहून अधिक असल्याचे अंदाज होते. श्रद्धा आहे की नाही हे न पाहता ज्यांनी घरे बांधली, ज्यांना गरज आहे त्यांना ती द्यावीत, असे नवे तत्त्व ठरले. बहिष्कृत होऊन गेलेली माणसे आपल्या बापाने बांधलेल्या घरासाठी परत येऊ लागली. त्यांना नळजोडणी मिळेना. नव्या जोडणीसाठी पाणी नाही, अशी सबब पालिका सांगे. २०१६ मध्ये संघीय ज्यूरीने दोन्ही गावांच्या पालिकांनी पंथाबाहेरच्यांशी भेदभाव केल्याचा निर्णय दिला आणि २०१७ मध्ये त्यांच्यावर न्यायालयीन देखरेख बसली.

त्याच वर्षीच्या नोव्हेंबरमध्ये पंथ सोडलेली डोनिया जेसप हिल्डेलची पहिली स्त्री महापौर म्हणून निवडून आली. काही कर्मचाऱ्यांनी राजीनामे दिले, पण गाव चालत राहिले. सरकारी शाळा पुन्हा उघडली होती. जेफ्सच्या कुटुंबासाठी बांधलेल्या मोठ्या घराचे हॉटेल झाले. पलीकडे कोलोरॅडो सिटीत बिअर गाळणारे हॉटेलही निघाले.

मात्र या बदलाची किंमतही कोणी तरी दिली. प्रशासकाशी करार करणे म्हणजे धर्मद्रोह, असे मानणाऱ्या कुटुंबांनी कागदांवर सही केली नाही आणि त्यांना घरे सोडावी लागली. लांब झगे घातलेल्या, वेण्या बांधलेल्या बायका मुलांसह सामान गाडीत भरत होत्या. आधी अश्रद्धांना घराबाहेर काढले गेले, आता श्रद्धाळूंना. कायद्याच्या दृष्टीने दोन्हींत फरक आहे, कारण दुसऱ्यांना घर देऊ केले होते. रस्त्यावर उभ्या असलेल्या मुलाला तो फरक कसा समजावा?

आणि प्रश्न संपलेलाही नाही. जेफ्स तुरुंगात असताना त्याच गावात सॅम्युएल बेटमन या नव्या ‘प्रेषिताने’ वीसहून अधिक बायका केल्या, त्यांतल्या काही अल्पवयीन होत्या. २०२४च्या डिसेंबरमध्ये त्याला ५० वर्षांची शिक्षा झाली. दरम्यान युटाने २०२० मध्ये सज्ञान व्यक्तींच्या संमतीच्या बहुपत्नीकत्वाचा गुन्हा किरकोळ ठरवला. आपणच गुन्हेगार ठरू या भीतीने अत्याचार सहन करणाऱ्या स्त्रिया पोलिसांकडे येतील, हा त्यामागचा विचार.

आपल्या बाजूने पाहताना

हे सारे दूरचे वाटेल, पण धागे आपल्यापर्यंत येतात. बहुपत्नीकत्वाचा पहिला मोठा अमेरिकी निकाल १८७९चा, रेनॉल्ड्स खटल्याचा. श्रद्धेला कायदा हात लावू शकत नाही, आचाराला लावू शकतो, असे न्यायालय म्हणाले आणि उदाहरण दिले ते पतीच्या चितेवर जाळून घेणाऱ्या पत्नीचे. बहुपत्नीकत्व ही मुख्यतः आशिया-आफ्रिकेतल्या लोकांची चाल आहे, असा तुच्छतेचा शेराही त्याच निकालात आहे. पुढे मुंबई राज्याचा १९४६चा हिंदू द्विभार्याप्रतिबंधक कायदा न्यायालयात गेला, तेव्हा नरसू अप्पा माळी खटल्यात न्या. छागला आणि न्या. गजेंद्रगडकर यांनी तो वैध ठरवला. श्रद्धा वेगळी आणि आचार वेगळा ही भूमिका मांडताना छागलांनी मॉर्मनांविरुद्धच्याच एका अमेरिकी निकालाचा आधार घेतला होता. युटाच्या वाळवंटातला वाद असा मुंबईच्या उच्च न्यायालयात पोहोचला.

अ‍ॅन एलायझाची अडचणही इथे भेटते. १९८८ मध्ये महाराष्ट्रातून गेलेल्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले, की पहिली पत्नी असताना केलेल्या दुसऱ्या लग्नातील स्त्रीला पोटगी मागता येणार नाही. नवऱ्याने पहिले लग्न लपवून फसवले असेल तर तिला ती मिळावी, असे त्याच न्यायालयाने २०१३ मध्ये म्हटले; तो खटलाही महाराष्ट्रातलाच. मधल्या पंचवीस वर्षांत किती जणी रिकाम्या हाताने परतल्या असतील!

बहिष्काराचेही तसेच. वाळीत टाकणे म्हणजे काय हे मराठी माणसाला समजावून सांगावे लागत नाही. मुंबई राज्याने १९४९ मध्ये बहिष्कारबंदीचा कायदा केला, तो १९६२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दाऊदी बोहरा धर्मगुरूंच्या याचिकेवर रद्द केला. धर्मसंस्थेला आपली शिस्त राखण्याचा हक्क आहे, हे तत्त्व त्यात होते. नंतर महाराष्ट्राने २०१६चा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा केला. जातपंचायतीने पाणी, दुकान, लग्नकार्य बंद करणे हा आता गुन्हा आहे.

शॉर्ट क्रीकच्या इतिहासाने मला एक गोष्ट पटवली. माणूस पंथात राहतो तो केवळ श्रद्धेने नाही आणि बाहेर पडतो तो केवळ श्रद्धा उडाली म्हणूनही नाही. घर कोणाच्या नावावर आहे, नळाला पाणी कोण सोडतो, मुलगी किती शिकली आहे आणि सोडून गेल्यावर आई दार उघडेल का, यांवर ते ठरते. १९५३च्या छाप्याने यांतल्या एकाही प्रश्नाला उत्तर दिले नाही. २००५ नंतरच्या रटाळ, कागदी कामाने पहिल्या तिन्हींना थोडेफार दिले. चौथा प्रश्न कोणत्याही न्यायालयाच्या हातातला नाही. आज त्या गावात एकाच रस्त्यावर पंथात राहिलेली आणि पंथ सोडलेली भावंडे राहतात. काही अजूनही एकमेकांशी बोलत नाहीत, काही आता कुंपणापाशी थांबू लागली आहेत.